‘निराधार’च्या आकाशयुद्धात खालच्याने वरच्याला हरवायचं कसं?

कोपरीकर
मंडळी, ठाण्यात दर रविवारी आमचा नकाशायुद्धाचा पट मांडला जातो. त्यातल्या जगाचं नाव ‘निराधार’. तिथे दोन आकाशवासी सत्तांचं युद्ध पेटलंय आणि ते इतकं एकतर्फी झालंय की पट गुंडाळायची वेळ आली आहे.

वर आहेत शिखरी. त्यांचे १२ तरंगते खडक ४,५०० मीटरवर असतात, प्रत्येकावर ५,००० माणसं. खडक जादूने तरंगतात (यावर प्रश्न नको), वाऱ्याने हलत नाहीत, हजारेक मीटर वरखाली मात्र करता येतात. खाली आहेत तांडेल. त्यांची ४० वायुगलबतं, प्रत्येकाची पिशवी १०,००० घनमीटरची, आत हायड्रोजन. मुक्काम २,००० मीटरवर. जमिनीवर वस्ती नाही, फक्त गॅस भरायचे चार धक्के. तोफा-बंदुका कुणाकडेच नाहीत. धनुष्यबाण, तेल, दोर, आकडे, एवढंच.

सध्याचा नियम असा: शिखरी वरून दगड टाकतात, फाशावर ३ ते ६ पडले की नेम लागला, आणि एका दगडात गलबत खलास. चार मोहिमा झाल्या, चारही वेळा तांडेल साफ. आता तांडेलांची बाजू घ्यायला कुणी तयार नाही. नियमांत काय बदलू? ‘देव धावून आला’ छाप उपाय नकोत.

येऊरचा बिबट्या
तांडेलांना शिखरींच्या खडकावर भाड्याने घरं द्या आणि पार्किंगचं वाटप करायला सांगा. दगडाची गरज उरणार नाही.

वजनकाटा
मूळ घोळ दगडाच्या नियमात आहे. ४,५०० वरून २,००० वर म्हणजे अडीच हजार मीटरची पडझड. हवेचा विरोध नसता तर २२-२३ सेकंद लागले असते. डोक्याएवढा गोल दगड धरला आणि विरोध मोजला, तर जवळजवळ अर्धा मिनिट. पिशवी गोल असेल तर तिचा व्यास २७ मीटर. गलबत वाऱ्याबरोबर सेकंदाला ५ मीटर सरकत असेल, तर दगड पोचेपर्यंत ते दीडशे मीटर पुढे गेलेलं असतं, म्हणजे स्वतःच्या पाच रुंद्या. त्यात मधल्या थरातला वारा दगडाला कुठे ढकलतो हे वरून कळत नाही. तेव्हा इतक्या उंचीवरून नेम लागायला फाशावर दोनदा ओळीने सहा पडायला हवेत.

हाच दगड २०० मीटरवरून टाकला तर साडेसहा सेकंदांत पोचतो. तिथे तुमचा ३ ते ६ चालेल.

दुसरी चूक, ‘एका दगडात खलास’. ही पिशवी म्हणजे वाढदिवसाचा फुगा नव्हे. आतला आणि बाहेरचा दाब जवळपास सारखाच असतो, त्यामुळे ती फुटत नाही, गळते. किती गळते ते भोक कुठे आहे यावर. तळाशी पडलं तर जवळजवळ काहीच नाही. माथ्यावर वीतभर रुंद भोक पडलं, तर मिनिटाला ८०-९० घनमीटर गॅस जाईल, म्हणजे खडकांच्या उंचीजवळ साधारण ६० किलोची उचल. दर मिनिटाला २० किलोची तीन पोती वाळू बाहेर टाकत राहिलात तर गलबत जागेवर टिकेल. एवढ्यात कोणीतरी जाळीवरून वर चढून ठिगळ लावायचं. पिशवीत आठ वेगळे कप्पे केलेत तर एका भोकाने फार तर आठवा हिस्सा जातो.

कळवा स्लो
म्हणजे तांडेलांचं खरं शस्त्र वाळूचं पोतं. पटावर सोंगट्यांऐवजी तांदळाचे दाणे ठेवा.

वजनकाटा
@कळवा स्लो, चेष्टेत बोललात, पण मी हेच सांगणार होतो. आकाशयुद्ध हे वजनाच्या हिशोबाचं युद्ध आहे. एका गलबताचा जमाखर्च मांडतो.

धक्क्यावर पिशवी गच्च भरायची नाही. १०,००० पैकी ६,००० घनमीटरच भरायचे. ५,००० मीटरवर हवेची घनता जमिनीवरच्या ६० टक्के राहते, त्यामुळे तिथे पोचेपर्यंत हाच गॅस फुगून पिशवी बरोबर भरते. खालीच गच्च भरलीत, तर वर जाताना चाळीस टक्के गॅस झडपेतून वाया.

६,००० घनमीटरला घनमीटरमागे १.१ किलो, म्हणजे ६.६ टन उचल. त्यातून कापड, जाळी, दोर, पाळणा मिळून २.४ टन. १२ खलाशी, ७८० किलो. चार दिवसांचं अन्नपाणी २०० किलो. हत्यारं, तेल, आकडे ८०० किलो. उरले २.४ टन, म्हणजे १२० पोती वाळू. प्रत्येक खेळाडूला गलबतामागे ही १२० पोती द्या आणि मोजत बसवा.

पाम बीच पतंग
नकाशात तांडेलांच्या गलबतांना शिडं काढलेली दिसली. ती पुसा. मोकळं तरंगणारं गलबत वाऱ्याच्याच वेगाने जातं, त्यामुळे वर उभ्या माणसाला वारा लागतच नाही. निशाणसुद्धा लोंबत राहतं. होडीचं शीड चालतं कारण खाली पाणी धरून ठेवतं. इथे धरणारं काही नाही. सुकाणूचंही तेच.

मग दिशा बदलायची कशी? उंची बदलून. वेगवेगळ्या थरांत वारे वेगवेगळ्या दिशांना वाहतात. आपल्याकडचंच बघा. दुपारी खाडीवरून आत येणारा समुद्री वारा काहीशे मीटर ते फार तर हजारेक मीटर जाडीचा असतो, त्याच्या वर उलटा परतीचा प्रवाह. पावसाळ्यात कोकणावर खाली नैऋत्येचे, पश्चिमेचे वारे, आणि सहाएक किलोमीटरच्या वर पूर्वेचे. ‘निराधार’साठी असे तीन थर ठरवा: १,००० पर्यंत एक, मग ४,००० पर्यंत दुसरा, त्यावर तिसरा. दर चार फेऱ्यांनी दिशा बदला. तांडेलाने कुठला थर कधी धरायचा, हीच त्याची हुशारी.

शिखरींचे खडक हलत नाहीत, म्हणजे त्यांच्याजवळून वारा सतत वाहतो. तांडेल त्यांच्यावर चालून जातो तेव्हा खरं तर तो वाहत जातो. वारा सेकंदाला १० मीटर आणि खडक ६०० मीटर लांब असेल, तर हल्ला एक मिनिटाचा. मागे वळता येत नाही. आकडा टाकून अडकलात, तर त्याच वाऱ्याची अर्ध्या टनाची तरी ओढ दोरावर सतत बसते आणि पिशवी खडकाकडे कलते. म्हणून आकड्याच्या दोरापाशी कायम एक माणूस कुऱ्हाड घेऊन उभा हवा.

तळपाळीचा बगळा
एवढं शास्त्र कशाला? जादूचे खडक चालतात आणि शीड चालत नाही? फँटसी आहे ना?

पाम बीच पतंग
@तळपाळीचा बगळा, एक जादू मान्य केली की बाकीचं जग नेहमीसारखं वागायला हवं, नाहीतर डावपेच उरत नाहीत, फक्त फासे उरतात. हीच तर धागाकर्त्यांची तक्रार आहे.

पोथीवाचक
आकाशातली नगरं ही काही बाहेरून आलेली कल्पना नव्हे. वनपर्वात शाल्व ‘सौभ’ हे उडतं नगर घेऊन द्वारकेवर येतो. त्या वेळी द्वारकेची तयारी काय होती ते वाचण्यासारखं आहे: मद्यपानाला बंदी, पूल मोडलेले, नौका अडवलेल्या, खंदकांत शूळ, शहराभोवतीची जमीन उंचसखल केलेली, मुद्रेशिवाय कुणाला आत-बाहेर जाऊ द्यायचं नाही, सैनिकांचा पगार थकू द्यायचा नाही. नट-नर्तक-गायकांना शहराबाहेर पाठवून दिलेलं. वरून येणाऱ्या शत्रूविरुद्धची अर्धी तयारी पोटाची आणि पगाराची आहे. तुमच्या धक्क्यांना हे नियम लावा.

त्रिपुरांची कथा कर्णपर्वात आहे. सोन्याचं पुर स्वर्गात, चांदीचं अंतरिक्षात, लोखंडाचं पृथ्वीवर. हजार वर्षांनी तिन्ही एकत्र येतात तेव्हाच एका बाणात मोडता येतात. वर पतंग यांनी तीन थरांचे वारे मांडलेत, त्याला हे चपखल बसतं.

येऊरचा बिबट्या
पाऊस माघारी गेला, वाऱ्यांनी तोंडं फिरवली, आणि कार्तिकी पौर्णिमेला त्रिपुरं एका रेषेत. हवामान खातं पुराणात होतं असा नवा धागा आज रात्रीच निघणार. (हलके घ्या.)

पोथीवाचक
काढाच. पहिला विरोधी प्रतिसाद माझा.

खारघर टेकडी
मूळ प्रश्नाकडे. तांडेलांनी सूर्यास्ताला हल्ला करावा असं सुचवतो. अंधार, शिखरींना दिसणार नाही, नेम चुकेल.

वजनकाटा
@खारघर टेकडी, उलट होईल. दिवसभर उन्हाने पिशवीतला गॅस बाहेरच्या हवेपेक्षा तापलेला असतो. ऊन गेलं की तो थंड होऊन आकसतो. फक्त दहा अंशांच्या फरकाने चारेक टक्के उचल जाते, म्हणजे तुमच्या गलबताची १३ पोती, एकही शत्रू न दिसता. शिखरींचे खडक जादूचे, त्यांना याचं काही नाही. संध्याकाळ ही शिखरींची वेळ.

तांडेलांची वेळ सकाळ. ऊन चढलं की पिशवी फुगते आणि वाळू न टाकता गलबत उचललं जातं. पूर्वेकडून नेणारा वारा त्या वेळी मिळाला तर सूर्यही पाठीशी. संध्याकाळी गॅस आकसतो तेव्हा घरी उतरायचंच असतं. म्हणजे ऊन तुम्हाला फुकट वर चढवतं आणि रात्र फुकट खाली आणते.

आणखी एक. अर्धवट भरलेली पिशवी तोलात असताना एक पोतं टाकलंत, तर ती शंभर मीटर चढून थांबत नाही. पूर्ण भरेपर्यंत, म्हणजे ५,००० पर्यंत, हळूहळू चढतच राहते.

तळपाळीचा बगळा
२० किलोत तीन किलोमीटर? हे पटत नाही. मग १२० पोती कशाला?

वजनकाटा
वर गेल्यावर हवा विरळ होते, पण पिशवी तेवढीच फुगते. बाजूला सारलेल्या हवेचं वजन तेच राहतं, म्हणून उचलही तीच. पिशवी भरली की मात्र ती आणखी फुगू शकत नाही, जादा गॅस बाहेर जातो आणि तिथून पुढे प्रत्येक मीटर विकत घ्यावा लागतो. ५,००० वरून ५,५०० वर जायला ३५० किलो, म्हणजे १७-१८ पोती. २,००० ते ५,००० स्वस्त, त्यापुढचं महाग. शिवाय अधेमधे थांबायचं असेल तर झडप उघडून गॅस सोडावा लागतो, आणि तो आकाशात परत मिळत नाही.

शिखरींच्या डोक्यावर ५०० मीटर जायचं, तर हजार मीटर वर सरकू शकणारा खडक तुमच्यामागे चढणार. त्याला चढणं फुकट, तुम्हाला १८ पोती. या शर्यतीत पडू नका.

तळपाळीचा बगळा
बरं, पटलं. धनुष्यबाणाचं काय मग?

वजनकाटा
सेकंदाला ५० मीटर वेगाने सरळ वर सोडलेला बाण विरोध नसतानाही १२७ मीटरवर थांबतो. वरचा माणूस शंभराच्या पलीकडे असेल तर खालच्याचे बाण म्हणजे नुसती आतषबाजी.

हिराकस
आतषबाजीवरून. पेटता बाण मारला की पिशवी भडकली, हा नियमही खोटा आहे. हवेत ४ ते ७५ टक्के मिसळलेला हायड्रोजन पेटतो, आतला शुद्ध गॅस पेटत नाही. बाण आरपार गेला तर जाळ सोबत घेऊन जातो. पहिल्या महायुद्धात इंग्रजांनाही हे जड गेलं. १९१६ मध्ये त्यांनी स्फोटक आणि पेटत्या गोळ्या मिसळून वापरायला सुरुवात केली, आधी भोकं पाडून गॅसला हवेत मिसळू द्यायचं आणि मग ठिणगी, तेव्हा जर्मन वायुनौका पडायला लागल्या. खेळात दोन फासे ठेवा: पहिल्याने भोक, पुढच्या फेरीत त्याच जागी पेटता बाण.

तांडेलांचा खरा कच्चा दुवा जमिनीवर आहे आणि शिखरींचं तिकडे लक्षच नाही. लोखंडाचा कीस आणि गंधकाम्ल यांच्यापासून हायड्रोजन काढायचा तर घनमीटरमागे अडीच किलो लोखंड आणि ४.४ किलो आम्ल लागतं. एका गलबताच्या ६,००० घनमीटरला १५ टन लोखंड, २६ टन आम्ल. ४० गलबतांना ६०० टन लोखंड! आम्ल शिशाचं अस्तर लावलेल्या पिंपांत ठेवायचं. निघणारा गॅस गरम आणि आम्लाच्या वाफेने भरलेला असतो, तो चुन्याच्या पाण्यातून धुवून घ्यायचा, नाहीतर कापड महिन्याभरात भुसभुशीत. आणि एका गलबतामागे ७५ टन हिराकस (लोखंड आणि गंधकाम्लापासून बनणारे हिरवट खडे) उरते. ती शाई आणि रंगवाले घेतात, पण एवढी?

कळवा स्लो
आयडी घेतला तेव्हापासून या प्रतिसादाची वाट बघत होता ना?

हिराकस
होय.

सातूची पेज
पोटाचं राहिलंय. ४,५०० मीटरवर पाणी ८५ अंशांच्या आसपास उकळतं. तुरीची डाळ तिथे उघड्या पातेल्यात शिजणार नाही, कितीही उकळा, नुसतं सरपण जळेल. आणि सरपण येणार कुठून, त्या उंचीला झाडं कुठली? शिखरींचं जेवण म्हणजे भाजून दळलेलं सातूचं पीठ, तेवढ्यापुरतं कोमट पाणी पुरतं. सातू आणि बटाटा चार हजारांच्या वर तिबेटात आणि अँडीजमध्ये पिकतात, ते चालेल. पण मीठ, तेल, लाकूड, दोराचं सूत हे सगळं खालून, आणि खाली-वर करणारी गलबतं फक्त तांडेलांची. मग दगड कशाला, व्यापार बंद करा.

खारघर टेकडी
+१. आणि पाणी! ढगाच्या वर पाऊस पडत नाही. धुकं पकडायच्या जाळ्या लावल्या तर चौरस मीटरमागे दिवसाला ३ ते ५ लिटर मिळतं. पिणं आणि रांधणं धरून माणशी ४ लिटर, ५,००० माणसांना २०,००० लिटर. म्हणजे एका खडकाला ५,००० चौरस मीटर जाळी, दोन मीटर उंचीची लावली तर अडीच किलोमीटर लांब. मासुंदा तलावाला फेऱ्या घालून दमाल इतकी. ती जाळी वारा येतो त्या बाजूलाच लावावी लागते, आणि तांडेलही त्याच बाजूने वाहत येतात. त्यांच्या एक मिनिटाच्या हल्ल्यात खडकावर उतरायची गरजच नाही. जाता जाता तेलाची मडकी जाळ्यांवर.

शिवाय ढग ४,५०० ला नसेल तर शिखरींना खडक खाली आणावा लागतो. तहान त्यांना तांडेलांच्या उंचीकडे ओढते.

पाम बीच पतंग
वा. खडकावर उतरायचंच असेल तर एक लक्षात ठेवा: ६५ किलोचे दहा जण उतरले की गलबत साडेसहाशे किलोने हलकं होऊन सुसाट वर जातं, आणि उतरलेले तिथेच राहतात. एक माणूस उतरला की आधी धान्याचं पोतं आत, मग दुसरा. लूट आणि तोल दोन्ही साधतात. तांडेलांच्या स्वाऱ्या धान्याच्या कोठारांवरच का, याचं कारणही मिळतं.

आणि २,००० वरून थेट ५,००० वर गेलेल्यांना तिथे जमिनीच्या निम्म्यापेक्षा थोडाच जास्त प्राणवायू. पहिल्या मिनिटापासून दम लागतो, डोकेदुखी-ओकाऱ्या सहसा सहा ते बारा तासांनी. म्हणून स्वारी सहा तासांत आटपायची. मुक्कामी लढायचं तर ३,००० च्या वर झोपायची जागा रोज ५०० मीटरपेक्षा जास्त उचलायची नाही.

कोपरीकर
प्रतिसाद छापून घेतले. नवे नियम असे बसवतोय:

दगडाचा नेम अंतरावर, हजार मीटरच्या वरून ओळीने दोन सहा. भोकामुळे फेरीला तीन पोती खर्च, ठिगळाला दोन फेऱ्या. प्रत्येक तांडेल गलबताला १२० पोती, संध्याकाळी आपोआप १३ वजा. वाऱ्याचे तीन थर, शिडं रद्द. शिखरींना रोज पाण्याचा फासा, जाळी जळाली की तीन दिवसांत खडक ५०० मीटर खाली. आगीला दोन फासे. शिखरींना धक्क्यांवर उतरून आम्लाची पिंपं फोडायची मुभा.

काल गटावर टाकलं. आता शिखरी घ्यायला कुणी तयार नाही.

येऊरचा बिबट्या
सांगितलं होतं, पार्किंग.

सातूची पेज
शिखरी मी घेते. पण जाळ्यांचा नियम एका ठिकाणी चुकलाय. खाली ३० अंश असेल तर किलोमीटरमागे साडेसहा अंश उतरत ४,५०० वर तापमान शून्याला टेकतं. रात्री धुक्याचे थेंब जाळीवर गोठणार, बर्फाच्या वजनाने खांब वाकणार. रात्री पाणी शून्य, उलट जाळी झटकायला माणसं लागतील.

कोपरीकर
मग पाण्याचा फासा सकाळी एकदाच?

सातूची पेज
सकाळी, पण ऊन जाळीवर पडल्यावर. म्हणजे नेमके तांडेल येतात त्या वेळी आमची निम्मी माणसं जाळ्यांवर असतील. त्यांच्या हातात बादल्यांबरोबर धनुष्य असलेलं चालेल का, तेवढं रविवारच्या आत सांगा.